खाष्ट सासूची कारकीर्द : चरित्र अभिनेत्री कशी घडते?

१९४१ सालच्या ‘झूला’ या चित्रपटात अशोककुमार नायक होते आणि लीला चिटणीस त्यांच्या नायिका. सातच वर्षांनी, १९४८च्या ‘शहीद’मध्ये, लीलाबाई दिलीपकुमारच्या आई झाल्या. अशोककुमार मात्र १९५८ सालीही ‘हावडा ब्रिज’मध्ये मधुबालाचे नायक होते. लीलाबाईंचा जन्म १९०९चा, अशोककुमारांचा १९११चा; म्हणजे अंतर जेमतेम दोन वर्षांचे. मग एकाला आणखी दहा वर्षे प्रेम करायची मुभा मिळाली आणि दुसरीच्या वाट्याला पांढरी साडी आली, हे कसे?

यात अन्याय आहे, आणि तो सौम्य शब्दांत सांगण्याचे कारण नाही. पण एवढ्यावर थांबले तर अर्धीच गोष्ट हाती लागते. पांढरी साडी नेसल्यावर लीलाबाईंचे काम थांबले नाही. ‘आवारा’ (१९५१), ‘गंगा जमना’ (१९६१), ‘गाइड’ (१९६५) या त्यांच्या भूमिका त्यानंतरच्या. नायिका म्हणून वर्षे मोजकी आणि आई म्हणून दशके, हा हिशेब त्या काळातल्या बहुतेक अभिनेत्रींना लागू पडतो. ज्या यंत्रणेने त्यांना नायिकापदावरून लवकर उतरवले, तिनेच त्यांना पडद्यावर सर्वाधिक काळ ठेवले. ही यंत्रणा कशी चालत होती हे समजून घ्यायचे असेल, तर एका अभिनेत्रीची कारकीर्द पहिल्यापासून शेवटपर्यंत पाहावी लागते. त्या म्हणजे ललिता पवार.

येवल्याची अंबा

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातल्या येवल्यात झाला. माहेरचे नाव अंबा. वडिलांचा रेशमी आणि सुती कापडाचा व्यापार होता, घर जुन्या वळणाचे होते. मुलींनी नाटक-सिनेमात जाणे म्हणजे घराण्याला बट्टा, असे मानण्याचा तो काळ. तरीही १९२८च्या सुमारास, अगदी लहान वयात, अंबा मूकपटात दिसू लागली.

पुढची काही वर्षे त्या नायिका होत्या, आणि नुसत्या नायिकाही नव्हत्या. १९३२च्या ‘कैलाश’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. १९३७ साली ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांनी काढला. विशीच्या आसपासच्या मुलीने चित्रपटात पैसा घालणे आणि त्यात स्वतः काम करणे ही आजही सोपी गोष्ट नाही. ‘हिम्मत-ए-मर्दा’ (१९३५), ‘नेताजी पालकर’ (१९३९), मास्टर विनायकांचा ‘अमृत’ (१९४१) अशी त्यांची वाटचाल चालू होती. खाष्ट सासू म्हणून ज्यांना देश ओळखतो, त्यांच्या नावावर तरुण नायिकेची दीड दशकांची कारकीर्द आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असते.

या काळात एक तांत्रिक बदलही होत होता. सुरुवातीच्या बोलपटात ज्याचा चेहरा त्याचाच गळा, असा नियम होता. नट-नटीला कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष गावे लागे. १९३५ साली ‘धूप छाँव’मधून पार्श्वगायन आले आणि गळा व चेहरा यांची फारकत झाली. गाण्याची तयारी असलेल्या, रियाज केलेल्या नटीची गरज कमी झाली. तिच्या जागी नवा, तरुण चेहरा आणून त्याला दुसरीचा आवाज देणे शक्य झाले. नायिकेचे आयुष्य आखूड होण्यामागे अनेक कारणे आहेत, त्यातले हे एक. त्याची चर्चा मात्र क्वचितच होते.

गोष्टीला तिची गरज का पडते?

चरित्र भूमिका म्हणजे नायक-नायिका सोडून गोष्टीतली अशी भूमिका, जिला स्वतःचा स्वभाव असतो: आई, सासू, आत्या, घरमालकीण, मोलकरीण, शेजारीण. ‘सहायक अभिनेत्री’ हा शब्द पुरस्कारांमुळे रुळला. चित्रपटसृष्टीत ‘कॅरेक्टर आर्टिस्ट’ म्हणतात.

मोठ्या घरगुती चित्रपटाचा सांगाडा पाहिला तर नायक आणि नायिका स्वतःहून फारसे काही करत नाहीत. ते प्रेमात पडतात आणि त्यांना एकत्र यायचे असते. एवढ्याने तीन तास भरत नाहीत. त्यांना कोणीतरी अडवावे लागते आणि कोणीतरी सांभाळावे लागते. ललिताबाईंच्या येवल्यात विणल्या जाणाऱ्या पैठणीत डोळे जातात ते पदरावरच्या मोराकडे. तो मोर आडव्या धाग्यांनी, बाण्याने, भरलेला असतो. पण मागावर आधी ताणून बसवलेला उभा ताणा नसेल तर मोर भरायचा कशावर? विणकाम पुरे झाल्यावर तो ताणा बहुतेक झाकला जातो. सासूचा विरोध आणि आईची माया हे घरगुती चित्रपटाचे उभे धागे आहेत. ते सैल पडले की नायक-नायिकेचे प्रेमही ढिले दिसते.

यातून एक व्यावहारिक गोष्ट निघते. नायिका कोण हे चित्रपटागणिक बदलता येते, कारण तिच्याकडून नावीन्याचीच अपेक्षा असते. सासू मात्र पहिल्याच प्रवेशात पटली पाहिजे. म्हणून दिग्दर्शक पुन्हा पुन्हा त्याच तीन-चार अभिनेत्रींकडे जातात. ललिताबाई दारात उभ्या राहिल्या की हे घर कसे आहे, सुनेचे काय होणार आहे, हे प्रेक्षकाला न सांगता कळते. लेखकाचे दोन प्रवेश वाचतात. एका ठरावीक छापाच्या भूमिकांत नट अडकणे याला टाइपकास्ट होणे म्हणतात आणि ती तक्रार म्हणूनच सांगितली जाते. ती खरीही आहे. पण त्याच छापामुळे काम सतत मिळत राहते, हेही तितकेच खरे.

पगारावरून करारावर

हा धंदा कसा चालत होता हे कळण्यासाठी पैसा कोणत्या वाटेने जात होता ते पाहिले पाहिजे. १९३०च्या दशकात चित्रपट काढत ते स्टुडिओ. कोल्हापुरात १९२९ साली स्थापन झालेली आणि १९३३ साली पुण्यात आलेली प्रभात फिल्म कंपनी, मालाडची बॉम्बे टॉकीज, कलकत्त्याचे न्यू थिएटर्स. नट, नटी, छायालेखक, सुतार, रंगारी सगळे महिन्याच्या पगारावर. या पद्धतीत आज नायिका असलेली नटी उद्या दुय्यम भूमिकेत दिसली तरी पगार चालू राही. पण बाहेर काम करण्याची मोकळीक नसे.

दुर्गा खोटे यांनी ही चौकट लवकर ओलांडली. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’त तारामती झालेल्या दुर्गाबाई पुढे प्रभातबाहेर, थेट कलकत्त्यापर्यंत, कामाला गेल्या. एका कंपनीच्या नोकरीत न राहता चित्रपटागणिक करार करणाऱ्या पहिल्या अभिनेत्रींत त्यांची गणना होते.

दुसऱ्या महायुद्धात ही पद्धत सर्वांचीच झाली. कच्ची फिल्म परदेशातून येई. युद्धामुळे ती तुटवड्याची झाली आणि सरकारने तिच्यावर नियंत्रण आणले. दुसरीकडे युद्धाच्या ठेक्यांतून आणि काळ्या बाजारातून पैसा सुटला होता. तो घेऊन नवे निर्माते आले. त्यांच्याकडे स्टुडिओ नव्हता, पगारी माणसे नव्हती. एखाद्या लोकप्रिय नटाला एकरकमी मोठा आकडा देऊन चित्रपट उभा करायचा एवढीच त्यांची रीत. स्टुडिओंचे नट फुटले आणि स्टुडिओ बसले. प्रभात १९५३ साली बंद पडली.

चरित्र अभिनेत्रीवर याचा परिणाम दुहेरी झाला. पैशाचा मोठा वाटा एक-दोन ताऱ्यांकडे गेल्याने तिच्या वाट्याला कमी उरले आणि महिन्याच्या पगाराचा आधारही गेला. पण आता ती एकाच वेळी अनेकांकडे काम करू शकत होती. नायक जवळजवळ प्रत्येक प्रवेशात लागतो, त्याच्या तारखा, म्हणजे ‘डेट्स’, महिनोन्‌महिने अडकतात. सासूचे प्रवेश मात्र बहुधा एकाच घराच्या सेटवर असतात आणि ते सलग काही दिवसांत उरकता येतात. कामाचा दिवस शिफ्टमध्ये विभागलेला. सकाळी एका चित्रपटात सुनेला घराबाहेर काढायचे आणि दुपारी दुसऱ्या स्टुडिओत देवळाच्या पायरीवर रडायचे, असे करता येई. ललिता पवारांच्या चित्रपटांची संख्या सातशेच्या घरात सांगितली जाते. तो आकडा अचाट वाटतो, पण ही पद्धत लक्षात घेतली की तो शक्य कसा झाला हे उमगते.

एक थप्पड आणि डावा डोळा

१९४२ सालच्या ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात एका प्रवेशात भगवानदादांना ललिताबाईंच्या थोबाडीत मारायची होती. थप्पड फार जोरात बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला लकवा झाला आणि डाव्या डोळ्याला इजा झाली. उपचार वर्षानुवर्षे चालले. लकवा ओसरला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

चेहऱ्याच्या डाव्या आणि उजव्या बाजूचे स्नायू दोन वेगवेगळ्या नसांच्या हुकमतीत असतात. भुवई उचलणे, डोळा मिटणे, ओठाचा कोपरा वर नेणे ही कामे ज्या त्या बाजूची नस करते. एका बाजूच्या नसेला मार बसला की ती बाजू सुस्तावते आणि चेहरा असमान दिसू लागतो. रोजच्या व्यवहारात असा फरक नजरेआड होतो. सिनेमात तसे होत नाही. क्लोज-अपमध्ये माणसाचा चेहरा भिंतीएवढा होतो आणि नायिकेच्या चेहऱ्यात दोन्ही बाजू सारख्याच हव्यात, असा अलिखित नियम असतो. सव्वीस वर्षांच्या नायिकेचे नायिकापद त्या एका दिवसात गेले.

इथून पुढे जे घडले ते नशिबाने घडले असे म्हणणे ललिताबाईंच्या मेहनतीवर अन्याय करणारे ठरेल. प्रभातच्या ‘रामशास्त्री’ (१९४४) मध्ये त्या आनंदीबाई झाल्या. ‘ध’चा ‘मा’ करून नारायणराव पेशव्यांच्या खुनाला कारण झाली, अशी जिची दंतकथा मराठी घराघरांत सांगितली जाते, ती ही आनंदीबाई. महत्त्वाकांक्षी, तीक्ष्ण, घरात बसून राज्याचे दोर ओढणारी बाई. नायिकेला न शोभणारी नजर या भूमिकेला नेमकी शोभली.

ही नजर काम कशी करते? रशियन दिग्दर्शक लेव कुलेशोव यांचा एक प्रयोग चित्रपटाच्या विद्यार्थ्यांना हमखास शिकवतात. एका नटाचा भावशून्य चेहरा त्यांनी तीन वेगवेगळ्या दृश्यांना जोडला: एकदा सूपचे भांडे, एकदा शवपेटी, एकदा तरुण बाई. चेहरा तोच असूनही पाहणाऱ्यांना त्यात कधी भूक, कधी दुःख, कधी वासना दिसली. म्हणजे चेहऱ्याचा अर्थ शेजारचे दृश्य ठरवते. ललिताबाईंचा बारीक झालेला डोळाही तसाच. दागिन्यांच्या पेटीशेजारी तो कावेबाज दिसतो, सुनेच्या भरल्या ताटाशेजारी क्रूर दिसतो आणि आजारी मुलाच्या उशाशी तोच डोळा रडू आवरून धरल्यासारखा भासतो. फरक एवढाच की कुलेशोवच्या नटाला काही करायचे नव्हते, आणि ललिताबाईंना या डोळ्याभोवती आवाज, मान, हात, पदर सगळे नव्याने बसवावे लागले. एक भुवई चढवणे, वाक्याच्या शेवटी आवाज एकदम खाली आणणे, मान तिरकी ठेवून समोरच्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळणे ही त्यांची हत्यारे. त्यांचा कोणताही चित्रपट आवाज बंद करून पाहावा. काय चालले आहे ते बहुतेक कळते.

सासू पडद्यावर आली कुठून?

खाष्ट सासू ललिताबाईंच्या आधीही होती. १९४१ साली आचार्य अत्र्यांच्या कथेवरचा, गजानन जागीरदारांनी दिग्दर्शित केलेला ‘पायाची दासी’ आला. त्याची हिंदी आवृत्ती ‘चरणों की दासी’. वनमाला त्यात सोसणारी सून आणि दुर्गा खोटे छळणारी सासू. तारामती झालेल्या अभिनेत्रीने सासू होण्याचे धाडस केले आणि ती भूमिका गाजली. १९५० साली व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’मध्ये ललिता पवारांनी हुंड्यासाठी सुनेला, म्हणजे जयश्रींना, छळणारी सासू उभी केली. हुंडाबंदीचा केंद्रीय कायदा त्यानंतर अकरा वर्षांनी, १९६१ साली झाला.

या तारखा शेजारी ठेवल्या की एक गोष्ट दिसते. सासूची भूमिका निव्वळ लेखकाच्या सोयीने आलेली नव्हती. प्रेक्षागृहात बसलेल्या किती तरी बायका तशा घरातून आल्या होत्या. त्यांना घरी जे बोलता येत नव्हते ते पडद्यावर घडताना दिसत होते, आणि शेवटच्या रिळात सासूला उपरती झाली की तेवढ्यापुरते मन हलके होत होते. याची दुसरी बाजूही मान्य करायला हवी. हुंडा मागण्यात सासरा आणि नवरा तितकेच सामील असताना पडद्यावर सारा दोष एका बाईच्या माथी मारला गेला. हे काम ललिताबाई इतके चोख करीत की ‘ललिता पवार’ हे नाव कजाग सासूसाठी विशेषनाम न राहता सामान्यनाम होऊन बसले.

[चौकट]
हॉलिवूडमध्ये काय होते?

अमेरिकेत १९३०-४०च्या दशकांत स्टुडिओ नटांना बहुधा सात वर्षांच्या कराराने बांधत. दुय्यम भूमिका करणाऱ्यांचा मोठा संच प्रत्येक स्टुडिओ बाळगून असे. ऑस्कर पुरस्कारांत सहायक भूमिकांचा विभाग सुरू झाला तो १९३६ सालच्या चित्रपटांपासून. अभिनेत्रींतला पहिला मान ‘अँथनी अ‍ॅडव्हर्स’साठी गेल सोंडरगार्ड यांना मिळाला. सुरुवातीची काही वर्षे या विजेत्यांना सोन्याचा पुतळा न देता फलक दिला जाई. ‘गॉन विथ द विंड’मधल्या भूमिकेसाठी ऑस्कर जिंकणाऱ्या पहिल्या कृष्णवर्णीय कलावंत हॅटी मॅकडॅनियल यांनाही फलकच मिळाला. मोलकरणी, शेजारणी, फटकळ पण मायाळू बायका रंगवणाऱ्या थेल्मा रिटर यांना १९५० ते १९६२ या काळातल्या चित्रपटांसाठी सहा नामांकने मिळाली, पुरस्कार एकदाही नाही. त्या पडद्यावर आल्याच वयाच्या पंचेचाळिशीत.
[चौकट समाप्त]

छापाच्या उलट

एखाद्या नटीचा छाप पक्का झाला की हुशार दिग्दर्शक त्याचा दुसरा उपयोग करतो. प्रेक्षक जे गृहीत धरून बसला आहे त्याच्या नेमके उलट त्याला दाखवतो. राज कपूर यांच्या ‘श्री ४२०’ (१९५५) मध्ये ललिताबाई मुंबईच्या रस्त्यावर केळी विकणाऱ्या गंगामाई झाल्या. तोंडाने फटकळ, मनाने आई. त्याच वर्षी गुरुदत्त यांच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये त्या पुरुषांवर संतापलेल्या, बायकांच्या हक्कांसाठी सभा गाजवणाऱ्या श्रीमंत आत्या होत्या. एकाच वर्षात फुटपाथ आणि दिवाणखाना. दोन्ही ठिकाणी त्या उपऱ्या वाटत नाहीत.

पण त्यांची सर्वांत महत्त्वाची भूमिका हृषीकेश मुखर्जींच्या ‘अनाडी’ (१९५९) मधली. मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण. तिच्याकडे राज कपूर भाड्याने राहतो. भाडे थकले की ती कडाडते आणि तो उपाशी आहे असे दिसताच तिचा आवाज मऊ होतो. मधल्या काळात प्रेक्षकाला तिच्याबद्दल घरच्या माणसासारखी ओढ वाटू लागते. आणि मग हीच बाई सदोष औषध घेऊन मरते. ते औषध नायक ज्यांच्याकडे नोकरीला आहे त्यांच्याच कारखान्यातले. चित्रपटाची सगळी नैतिक बाजू या एका मृत्यूवर उभी आहे. नायक नायिकेला मिळेल की नाही हा प्रश्न तिथून पुढे मागे पडतो. मिसेस डिसांना न्याय मिळेल का, हा पुढे येतो. सहायक भूमिका गोष्टीचा कणा कशी होते याचे याहून चांगले उदाहरण हिंदी चित्रपटात शोधायला फार वेळ लागेल. या भूमिकेसाठी ललिताबाईंना फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

त्यानंतरच्या दोन चित्रपटांत त्यांनी स्वतःच्या छापालाच हसण्याचा विषय होऊ दिले. ‘जंगली’ (१९६१) मध्ये ज्या घरात हसण्याला बंदी आहे त्या घराच्या त्या मालकीण. ‘प्रोफेसर’ (१९६२) मध्ये म्हातारा बनून आलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडणाऱ्या करड्या आत्या. आयुष्यभर कोणी कौतुकाने न पाहिलेल्या बाईच्या चेहऱ्यावर उशिरा उमटलेली लाज त्यांनी दाखवली आहे. हा प्रसंग विनोदी आहे, पण त्यात हिणकसपणा येऊ न देण्याचे श्रेय त्यांचे आहे. हे करायला चार तऱ्हेच्या नायिका होऊन गेलेली अभिनेत्रीच लागते.

वयाचा उलटा हिशेब

बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’ (१९५९) मध्ये दोन मराठी चरित्र अभिनेत्री एकत्र दिसतात. ललिता पवार सोवळेओवळे कडक पाळणारी वृद्धा, तर सुलोचना सुजाताला वाढवणारी आई. सुजाता झालेल्या नूतन यांचा जन्म १९३६चा. सुलोचनाबाईंचा १९२८चा, चिकोडी तालुक्यातल्या खडकलाटचा. म्हणजे आई मुलीपेक्षा आठ वर्षांनी मोठी.

सुलोचनाबाई कोल्हापुरात भालजी पेंढारकरांच्या तालमीत तयार झाल्या. ‘वहिनींच्या बांगड्या’ (१९५३) सारख्या चित्रपटांनी त्यांना मराठी घरातल्या सोशिक, समंजस बाईचा चेहरा दिला. हिंदीत हाच समंजसपणा आईच्या भूमिकेत रूपांतरित झाला. ‘मराठा तितुका मेळवावा’ (१९६४) मध्ये त्या जिजाबाई झाल्या. हिंदीत आई, मराठीत नायिका, अशा दोन वयांत त्या एकाच वेळी वावरत होत्या. हे मराठी अभिनेत्रींच्या बाबतीत अनेकदा घडले, कारण दोन भाषांचे दोन धंदे शेजारी शेजारी होते आणि मराठीत नायिकेचे वय थोडे सैल हाताने मोजले जाई.

हा उलटा हिशेब चालतो कसा? पडद्यावरचे वय दाखल्यावर नसते, शेजारी कोण उभे आहे त्यावर ठरते. पांढरे केस, साधी साडी, जरा संथ चाल आणि समोर पंचविशीची नायिका एवढे जुळले की प्रेक्षक एकतीस वर्षांच्या बाईला आई मानतो. नायकाचे वय मात्र नायिका तरुण ठेवून लपवता येते. म्हणून चाळिशीतल्या नायकाला विशीतली नायिका आणि तिशीतली आई लागते. अशोककुमार आणि लीला चिटणीस यांच्या कोड्याचे उत्तर इथे आहे.

पुरुष कधीच चरित्र भूमिकांत जात नव्हते असे नाही. १९३४च्या ‘सीता’त दुर्गा खोटे सीता होत्या आणि पृथ्वीराज कपूर राम. सव्वीस वर्षांनी ‘मुघल-ए-आझम’ (१९६०) मध्ये दुर्गाबाई जोधाबाई होत्या आणि पृथ्वीराज अकबर. दोघे बरोबरीने वाढले, बरोबरीने आई-वडील झाले. असे जोडपे दुर्मीळ, म्हणून ते लक्षात राहते.

आईवेगळी वाट

सगळ्या जणी आई झाल्या नाहीत. सोलापूरच्या शशिकला यांनी खलनायिकेची वाट धरली. ‘आरती’ (१९६२) आणि ‘गुमराह’ (१९६३) या लागोपाठच्या दोन चित्रपटांसाठी त्यांना फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. ‘गुमराह’मध्ये त्या नायिकेला तिच्या गुपितावरून छळतात, आणि त्यांच्या प्रवेशात नायिकेपेक्षा त्यांच्याकडेच डोळे लागतात. खलनायिकेचा एक फायदा असतो: तिला तरुण राहता येते, चांगले कपडे घालता येतात, हसता येते. तोटा असा की ती गोष्टीत एकटी असते, आईसारखी तिला कोणाची माया मिळत नाही, आणि प्रेक्षकाच्या मनातही ती तशीच राहते.

फिल्मफेअरमध्ये सहायक अभिनेत्रीचा पहिला पुरस्कार १९५४ सालच्या ‘बादबान’साठी उषा किरण यांना मिळाला होता. दुर्गा खोटे यांना तो ‘बिदाई’साठी (१९७४) मिळाला, तेव्हा त्यांनी सत्तरी गाठत आणली होती. पुढे १९८३ साली दादासाहेब फाळके पुरस्कार आणि दूरचित्रवाणीसाठी निर्मिती, असे त्यांचे उत्तरायुष्यही कामाने भरलेले होते. सुलोचनाबाईंना २००९ साली महाराष्ट्र भूषण दिले गेले; त्यांचे निधन ४ जून २०२३ रोजी झाले. लीला चिटणीस अखेरची वर्षे अमेरिकेत होत्या आणि २००३ साली तिथेच वारल्या.

मंथरा

ललिता पवारांनी मंथरा दोनदा केली. १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’ या चित्रपटात आणि नंतर रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ या दूरदर्शन मालिकेत. मालिका २५ जानेवारी १९८७ पासून प्रसारित होऊ लागली, तेव्हा ललिताबाई सत्तरीच्या होत्या. मंथरेची भूमिका किती काळ असते? कैकेयीचे कान भरते, तिला कोपभवनात धाडते आणि बाजूला होते. पण ती नसती तर राम वनात गेला नसता आणि रामायण झालेच नसते. चरित्र भूमिकेचे सारे सूत्र या एका पात्रात आहे. रविवारी सकाळी रस्ते ओस पाडणाऱ्या त्या मालिकेने, ज्यांनी ‘अनाडी’ पाहिला नव्हता अशा पिढीलाही ललिताबाई ओळखीच्या केल्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यातल्या औंध इथे त्यांचे निधन झाले. मूकपटापासून मालिकेपर्यंत त्यांनी काम केले. त्यांच्यासोबत नायक म्हणून उभे राहिलेल्यांपैकी कोणाची कारकीर्द इतकी लांबली, याचा शोध घेतला तर हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच नावे निघतील.

पुढच्या पिढ्यांत

पुढच्या पिढीत वयाचा हा उलटा हिशेब मोडला नाही, तो आणखी ताणला गेला. पुण्याच्या रोहिणी हट्टंगडी यांनी ‘गांधी’ (१९८२) मध्ये कस्तुरबा साकारल्या आणि ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार सहायक अभिनेत्रीसाठी मिळवला. ‘अर्थ’मधल्या भूमिकेसाठी फिल्मफेअरही मिळाले. ‘सारांश’ (१९८४) मध्ये म्हातारी आई रंगवताना त्यांचे वय तेहतीस होते. ‘अग्निपथ’ (१९९०) मध्ये त्या अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या. अमिताभ यांचा जन्म १९४२चा, रोहिणीताईंचा १९५१चा. रीमा लागू यांनी ‘मैंने प्यार किया’ (१९८९) मध्ये सलमान खानची आई केली, तेव्हा त्या एकतीस वर्षांच्या होत्या; दहा वर्षांनी ‘वास्तव’मध्ये त्या संजय दत्तची आई झाल्या, तेव्हा दोघांच्या वयात साधारण एका वर्षाचे अंतर होते. ‘वास्तव’च्या शेवटी आई मुलाला गोळी घालते. त्या प्रवेशात वयाचा प्रश्न कोणाच्या मनात येत नाही, कारण रीमाताईंच्या चेहऱ्यावर तो उरलेलाच नसतो.